गुणाबाईची उलटी डब्बी

आमच्या भागात बाईच्या नावानं सातबारा निघतो तो बहुतेक नवरा गेल्यावरच. गुणाबाईचाही तसाच निघाला. पण बाईच्या नावानं बाजारात माल पुकारतात, हे मी तिच्या आधी कधी ऐकलं नव्हतं. नांदेडच्या फळबाजारात रशीदभाई बागवान सकाळी सकाळी ओरडायचा, "गुणाबाई! उलटी डब्बी!" अन् चार-पाच गिऱ्हाइकं हातातला चहा तसाच ठेवून धावायची. मी बालाजी, पिकअपवाला. भोकरपासून आत आमचं गाव. ती माझी भावकीतली काकू. सहा हिवाळे तिचा माल मीच वाहिला, म्हणून तिचं सांगायचा हक माझा हाय. अन् सांगता सांगता तोंडातून वाकडं काही निघालं तर माफ करा. डोकं ठिकाणावर न्हाई माझं.

नवरा गेला तवा तिची एकुलती एक लेक, दीपमाला, बारावीत होती. भावकीनं सांगितलं, शेत बटईनं दे अन् गप घरात बस. आमच्या काकूनं काय करावं? कुण्या शिबिरात महाबळेश्वरच्या लोकांचं ऐकून आली अन् विहिरीजवळच्या वीस गुंठ्यात स्ट्रॉबेरी लावली. स्ट्रॉबेरी! आमच्या उन्हात! गाव हसून हसून लोळलं. कुणी म्हणे, कापूस सोडून बाई लिपस्टिकचं पीक काढून राहिली. काकू पारावरून जाता जाता म्हणायची, "हसा, हसा. तेवढेच दात घासले का न्हाई ते कळतंय."

पण दिवाळीनंतर आमच्याकडं थंडी पडती ती काय साधी न्हाई. तेवढे तीन महिने फळ असं लागलं की बघत राहावं. मायलेकी उजेड फुटायच्या आत तोडायला जायच्या, कारण ऊन लागलं की फळ मऊ पडतं. खाली पळसाचं पान, वर फळ, अशा डब्ब्या भरायच्या. आठ डब्ब्यांचा एक खोका. खोक्यावर लाल अक्षरात एकच शब्द छापलेला: गुणाबाई. बाजारात ह्याला मार्का म्हणतात. गिऱ्हाईक माल नंतर बघतं, आधी मार्का बघतं.

आता ती उलटी डब्बी. साऱ्या दुनियेत फळवाले काय करतेत? वर टपोरी ठेवतेत, खाली बारीक दडवतेत. आमच्या काकूनं पहिल्याच दिवशी वर बारीक ठेवली अन् खाली टपोरी. रशीदभाई कपाळाला हात लावून म्हणाला, "अरे बाई, उल्टा भरे तुम!" काकू म्हणाली, "वाईट काय हाय ते आधी दिसू द्या. चांगलं कुठं पळून चाललंय?" माल कसाबसा गेला. दुसऱ्या दिवशी तेच गिऱ्हाईक विचारत आलं, ती उलटी डब्बीवाली बाई कुठं हाय म्हणून. दोन हिवाळ्यांत नाव झालं. रशीदभाई तिचा खोका उघडायचाच न्हाई, नुसतं नाव पुकारायचा. काकूला त्या पुकाराचं लई कौतुक. कधी कधी मुद्दाम माझ्यासंग गाडीत यायची, अन् कोपऱ्यात उभी राहून आपलंच नाव ऐकायची.

बाजारही तवा चढता होता. शहरातल्या लोकांला बेरीचं याडच लागलेलं. केकवाले मागतेत, ज्यूसवाले मागतेत, जिमवाले मागतेत. मोठ्या शहरात म्हणं मोबाईलवर बोट दाबलं की दहा मिनटात डब्बी दारात. निळ्या बेऱ्या तर परदेशातून इमानात बसून येतेत, अन् आमच्या गावाला एसटी येत न्हाई टायमाला!

हे सगळं मला कुणी सांगितलं? जावयानं. भागवतराव, अहमदपूरचे, धंद्यासाठी नांदेडला राहून फळं पुरवायचं काम करतेत. बोलायला असे गोड की गुळाला मुंग्या सोडून इकडं याव्यात. अडीच वर्षांखाली धोंड्याचा महिना आला. अधिक महिन्यात लेक-जावयाला बोलवायचं, पुरणाचे धोंडे करायचे, तीस अन् तीन अनारसे वाण द्यायचे, अन् जावयानं मागितलं त्याला नाही म्हणायचं न्हाई. काकूनं एक अंगठी करून ठेवली होती. भागवतरावानं ताटावर बसून अंगठीला हात लावला न्हाई. म्हणाले, "मामी, मला सोनं नको. तुमचं नाव द्या. वीस गुंठ्यात असा किती माल निघंल? मी आजूबाजूच्या गावांतला चांगला माल घेतो, तुमच्या खोक्यात भरतो. हैदराबादपस्तोर गुणाबाई पोचवतो."

काकूला काय वाटलं असंल, तुम्हीच सांगा. जावई सोनं सोडून सासूचं नाव मागून राहिला! तिच्या डोळ्याला पाणी आलं. तिनं दहा रिकामे छापील खोके आणले, त्यांला हळदकुंकू लावलं, अनारशाच्या ताटात ठेवले अन् जावयाच्या मांडीवर दिले. दुसऱ्या दिवशी छापणाऱ्याला फोन लावून सांगितलं, जावई म्हणतील तेवढे खोके छापून द्या, बालाजी त्यांला नेऊन देईल. मी तिथंच जेवत होतो. मीपण म्हणालो, "काकू, नशीब काढलंस." थू माझ्या जिभेवर.

पहिला हिवाळा बरा गेला. दुसऱ्यात कुरकुर ऐकू आली. यंदाच्या फेब्रुवारीत सारंच बसलं. असंय, डिसेंबरात माल थोडा असतो, भाव चढा राहतो. जानेवारी सरला की महाबळेश्वरचा माल देशभर वाहतो. हैदराबाद, नागपूर, दिल्ली, जिथं बघावं तिथं स्ट्रॉबेरी. भाव आपटतो, अन् जॅमच्या कारखान्याला जायचा मऊ, पाणी सुटलेला माल मातीमोल मिळतो. तो माल नांदेडला उतरून गुणाबाईच्या खोक्यात जाऊन राहिला होता. काकूचे खरे खोके दोन दिवस तसेच माघारी आले. तिसऱ्या दिवशी रशीदभाईचा फोन आला, बाई, तुम्ही स्वतः या.

काकूनं आधी दीपमालाला फोन केला. "तुझा नवरा माझ्या नावाखाली काय भरून राहिला गं?" पोरगी म्हणाली, "मला काय माहिती आई? मी धंद्यात पडतच न्हाई." काकूनं फोन ठेवला अन् पदर खोचला. नांदेडपस्तोर गाडीत तिनं जावयाच्या सात पिढ्या काढल्या. "कुंपणच शेत खायला लागलं! जावई असो की जावयाचा बाप, आज भर बाजारात नाव घेते. माझं नाव घेतोस अन् मलाच बुडवतोस?" मी म्हणालो, "घे काकू, सोडू नको." मला आतून बरं वाटून राहिलं होतं.

बाजारात रशीदभाईनं एक खोका तिच्याम्होरं आणून ठेवला. भोवती दहा-पंधरा गिऱ्हाइकं, हमाल, चहावाला. रशीदभाई म्हणाला, "बाई, मेरेकू मालूम है, हा माल तुमचा न्हाई. तुमची डब्बी उलटी असती. ही बघा, वर टपोरी, खाली चिखल. पण मेरे बोलने से क्या होता? लोक खोक्यावरचं नाव वाचतेत. तुम्ही सगळ्यांसमोर एवढंच बोला, की हा माल माझा न्हाई, अमक्यानं भरला. मी आत्ता पुकारा करतो, नाव धुऊन निघंल. अन् ज्यानं भरला त्याची बाजार समितीकडं तक्रार मी करतो. त्याचं पाऊल पुन्हा ह्या बाजारात पडणार न्हाई."

"बोलते की! भिते का काय कुणाला?" काकू म्हणाली. सगळ्यांला नीट दिसावं म्हणून तिनं एक डब्बी पोत्यावर पालथी केली. वरची चार फळं घरंगळली, मागून लाल लगदा पडला. डब्बीच्या तळाला पळसाचं पान चिकटून राहिलं होतं. ते तिनं नखानं काढलं, बघितलं, अन् तशीच थांबली.

त्या पानाचं सांगतो, म्हणजे तुम्हाला कळंल. पळसाचं पान कुणीबी घालंल. पण काकू देठ खुडायची अन् देठाकडचं टोक आतल्या अंगाला दोनदा मुडपायची, तिथला कडकपणा फळाला टोचू नये म्हणून. पत्रावळी लावताना तिच्या आईनं तिला शिकवलेलं. हजारो डब्ब्या मी वाहिल्या, मला कधी दिसलं न्हाई, कारण तळाला काय हाय ते कोण बघतंय? असं पान मुडपणाऱ्या दुनियेत दोनच बाया. एक ती स्वतः, अन् दुसरी जिला तिनं शिकवलं ती.

काकूनं दुसरी डब्बी पालथी केली, तिसरी केली. सगळ्यांत तसंच पान. नासक्या मालाखालीसुद्धा पोरीनं नीट, सवयीनं मुडपलेलं.

"बोला बाई," रशीदभाई म्हणाला.

काकूनं पान मुठीत धरलं. "माझाच हाय माल," ती म्हणाली.

"क्या बोलते बाई!"

"माझाच हाय म्हणलं न्हवं? म्हातारी झाले. चुकला हात." तिचा आवाज एवढा मोठा होता की पलीकडच्या गाळ्यातले लोक वळून बघायला लागले. एक गिऱ्हाईक, जे सहा हिवाळे धावत यायचं, ते म्हणालं, "चला, डब्बी सुलटी झाली म्हणायची!" लोक हसले. रशीदभाई हसला न्हाई. त्यानं काकूचे खरे खोके, त्या दिवशीचे ताजे, एका अंगाला सरकवले अन् पुढचा माल पुकारायला घेतला. तिचं नाव त्यानं घेतलं न्हाई.

गाडीत मी काय काय बोललो ते सांगत न्हाई. स्टेअरिंगवर हात आपटत होतो. "काकू, तुला येड लागलंय का? सहा वर्षांचं नाव, अन् एका शब्दात चुलीत घातलंस! कुणासाठी?"

तिनं मूठ उघडून ते पान मला दाखवलं, अन् मुडपायचं सगळं सांगितलं. मग म्हणाली, "आपलेच दात, आपलेच ओठ, बालाजी. जावयाचं नाव घ्यायला आले होते मी. लेकीचं कसं घेऊ? तिला त्यानं दम देऊन बसवलं आसंल. सासरी राहणारी पोर काय करंल? एकाएका डब्बीला रडली आसंल माझी बाय. मी तिकडं नाव घेतलं असतं तर त्यानं तिला जगू दिलं असतं का?"

तेही खरंच होतं म्हणा. पोरीसाठी माय काय देणार न्हाई? मला वाटलं, जाऊ द्या, नाव गेलं तर गेलं.

वाटेतलं बारड ओलांडलं तवा फोन वाजला. दीपमालाचा. काकूला कमी ऐकू येतं म्हणून ती फोन नेहमी मोठ्या आवाजावरच ठेवती. पोरगी एकदम खुशीत होती.

"आई, ऐक की. ते छापील खोके आता बालाजीदादाजवळ पाठवू नको बरं. तुझ्या नावाला बाजारात पत राहिली न्हाई. मी नवं नाव काढलंय, 'दीपमाला फ्रेश'. फोटो पाठवते, कसं दिसतंय बघ. हे तर नको म्हणून राहिले होते. म्हणे मामीच्या नावाची लाज वाटती आता, धंदाच बंद करू. मीच म्हणलं, बंद कामून करायचा? माल तर मीच भरते न्हवं? तुझं ते वर बारीक, खाली मोठं, तसं केलं तर कुणी श्रीमंत होतंय का आई? मी पहिल्या सालापासून ह्यांला सांगून राहिले, वर चांगलं ठेवायचं अन् पुढचा खोका घ्यायचा. आई? हाय का तू?"

"हाय," काकू म्हणाली. "चांगलं हाय नाव."

"मग? तुझीच लेक हाय मी!"

"हाव. जेवलीस का?"

जेवले म्हणाली पोरगी, अन् फोन ठेवला. मी गाडी कडेला घेतली. समोरचं नीट दिसेना मला. काकूनं पदर तोंडाला लावला, अन् एवढी रडली, एवढी रडली, की नवरा गेला तवाही मी तिला तसं बघितलं नव्हतं. मी पाण्याची बाटली दिली ती तशीच मांडीवर धरून बसली. मग तिनं डोळे पुसले.

"बालाजी," ती म्हणाली, "सकाळधरनं त्या जावयालाच शिव्या दिल्या रे मी. उगंच दिल्या."