शिक्षेच्या पेटीचं दार

माझ्या नवऱ्याला 'नाही' म्हणता येत नाही, हे मला आमच्या लग्नातच कळायला हवं होतं. आग्रह झाला म्हणून त्याने पाचव्यांदा जिलबी वाढून घेतली होती. पण खरं कळलं ते जपानला आल्यावर.

टोकियोच्या तोयोसु भागातल्या ज्या कंपनीचं सॉफ्टवेअर तो करत होता, तिचा बर्फावरच्या हॉकीचा एक संघ होता. त्या वर्षी या खेळाची व्यावसायिक लीग नवीनच सुरू झाली होती आणि सामन्यांच्या दिवशी कामाला माणसं कमी पडत होती. कंपनीच्या विभागप्रमुखांनी नवऱ्याला विचारलं, "भारतीयांना हॉकी चांगली कळते ना?" हा म्हणाला, "हो." "तुमच्या पत्नीलाही?" "हो." संध्याकाळी ओजिमाच्या घरी येऊन बूट काढता काढता त्याने मला सांगितलं की शनिवारपासून मला पार्टटाइम नोकरी लागली आहे.

मी पुण्याच्या एका प्राथमिक शाळेत अकरा वर्षं बाई होते. हॉकीची काठी फक्त पीटीच्या सरांच्या कपाटावर पाहिली होती, तीही मुलांना धाक दाखवायला ठेवलेली. शाळेने मला वर्षाची बिनपगारी रजा दिली होती. जूनमध्ये शाळा उघडेल त्या दिवशी हजर झाले नाही तर कायमची नोकरी गेली, असं मोठ्या बाईंनी बजावलं होतं. स्वयंपाकघरातल्या कॅलेंडरवर मी त्या दिवसाभोवती निळं वर्तुळ काढलं होतं. बाकीची लाल वर्तुळं कचरा उचलायला गाडी येण्याच्या दिवसांची होती.

माझं काम असं. खेळाडूने कुणाला पाडलं किंवा काठीने अडवलं, की पंच त्याला मैदानाच्या कडेला काचेच्या पेटीत दोन मिनिटं बसायला पाठवायचे. तेवढा वेळ त्याच्या संघाने एक माणूस कमी घेऊन खेळायचं. पेटीला दार, दाराला कडी, आणि कडीपाशी मी. वेळ संपली की दार उघडायचं. म्हणजे वर्गाबाहेर उभं करायचं आणि परत आत घ्यायचं. हे तर मला झोपेतही जमलं असतं.

पहिल्या सामन्याला मी दोन स्वेटर, शाल आणि माकडटोपी घालून बसले. सहा फुटी माणसं तणतणत आत यायची, काठ्या आपटायची. मी मराठीत म्हणायचे, "आपटायचं नाही. बस खाली." आणि ती बसायची! महिन्याभरात सगळा संघ मला 'सेन्से', म्हणजे बाई, म्हणायला लागला आणि चहाड्या सुरू झाल्या. "सेन्से, आधी त्याने ढकललं." माझं जपानी दुसरीतल्या मुलाइतकंच होतं, पण या गप्पांना तेवढं पुरत होतं. एकाने तुटलेला दात माझ्या हातात ठेवला आणि दोन मिनिटांनी जाताना परत मागून घेतला. मी तो रुमालात गुंडाळून ठेवला होता, ते त्याला फार आवडलं.

संघ मात्र सगळीकडे हरत होता.

पेटीत सगळ्यात जास्त वेळा यायचा तो अडतीस वर्षांचा एक खेळाडू, संघातला सगळ्यात वयस्क. पाय मंदावले होते, त्यामुळे पुढे जाणाऱ्याला तो काठीचं टोक अडकवून थांबवायचा आणि मुकाट्याने माझ्याकडे येऊन बसायचा. लीग सुरू झाली तेव्हा त्याने कंपनीतली कायमची नोकरी सोडून एका वर्षाचा खेळाडूचा करार केला होता. मी विचारलं, "का सोडलीस?" तो म्हणाला, "कंपनीत साठीपर्यंत बसलो असतो. इथे दोनच मिनिटं बसावं लागतं." परतीच्या गाडीत दोन स्टेशनं मला हसू येत होतं. नंतर येईनासं झालं.

फेब्रुवारीत विभागप्रमुखांनी नवऱ्याला विचारलं, आणखी दोन वर्षं थांबाल का? तो काय म्हणाला हे सांगायला नको. मला विचारायचं त्याच्या लक्षातच आलं नव्हतं. मी बोलत नाही तेव्हा आमच्या घरी भांडी बोलतात, पण त्याला तीही ऐकू आली नाहीत. जूनचं मी मनातच ठेवलं. विचारलं आणि याने आयुष्यात पहिल्यांदा 'नाही' म्हटलं तर, अशी भीती होती.

हंगामाच्या शेवटच्या सामन्याआधी कळलं, त्या खेळाडूचा करार पुढे चालू ठेवणार नाहीत. हा त्याचा शेवटचा सामना. आम्ही एक विरुद्ध सात असे हरत होतो. सामना संपायला एक मिनिट चाळीस सेकंद उरले असताना त्याने सवयीने एकाला काठी अडकवली. दोन मिनिटं. तो आत आला, घड्याळाकडे बघून म्हणाला, "सेन्से, आता दार उघडायचं कामच उरलं नाही."

म्हणजे त्याचा शेवटचा सामना याच पेटीत संपणार होता. मी नियम मोडणारी बाई नाही, अकरा वर्षांत घंटेआधी वर्ग सोडलेला नाही. पण नियमात एक वाट होती. समोरच्यांनी आमच्यावर गोल केला, तर शिक्षा तिथेच संपते. मी डोळे मिटून गणपतीला एकवीस मोदकांचा नवस बोलले. त्याला मराठी कळतं, पण हा खेळ कळत असेलच असं नाही, म्हणून नीट समजावून सांगितलं: देवा, निळे ते आपण, पांढरे ते दुसरे, आणि गोल आपल्यावरच व्हायला हवा.

नऊ सेकंद उरले असताना झाला.

मी कडी ओढली आणि ओरडले, "जा! पळ!" तो गेला. खेळ मधून पुन्हा सुरू झाला, या खेळात चेंडूऐवजी असते ती रबरी चकती एकदा त्याच्या काठीला लागली, त्याने ती पुढे सरकवली, तिथे कुणीच नव्हतं. भोंगा वाजला. मी शालीसकट उड्या मारत होते. आमचा गोलरक्षक मुखवटा वर करून माझ्याकडे बघत राहिला.

खेळाडू पेटीपाशी आला आणि एवढा वेळ वाकून राहिला की त्याची कंबर धरली की काय, असं मला वाटलं. "नऊ सेकंद," तो म्हणाला. मी विचारलं, "पुरले का?" "नाही. पण आत नव्हतो."

विभागप्रमुख आले. आठव्या गोलाच्या वेळी मी नाचत होते असं त्यांच्या कानावर आलं होतं. मी म्हटलं, ही भारतीय पद्धत आहे. त्यांनी ते वहीत लिहून घेतलं.

दुसऱ्या दिवशी हिगाशी-कसाईच्या भारतीय दुकानातून खवलेला नारळ आणि वेलदोडे आणले, मोदक वळले. नैवेद्य दाखवून पहिले सहा गोलरक्षकाला पोचते केले. त्याने कारण न विचारता तिथेच उभ्याने चार खाल्ले.

उरलेले घरी नवरा खात होता. तिसऱ्या मोदकाला मी म्हटलं, "मी जूनमध्ये शाळेत हजर होणार आहे."

"पण आपली दोन वर्षं?"

"ती तुला झाली आहेत. तू 'हो' म्हणालास, तू बस. मी का पेटीत बसू?"

त्याने हातातला मोदक ताटलीत ठेवला. मग म्हणाला, "हो."

इतके दिवस मी त्याच्या 'नाही'ला घाबरत होते. आणि त्या क्षणी तो 'नाही' म्हणाला असता तर बरं वाटलं असतं, अगदी एकदाच. मी कॅलेंडर भिंतीवरून काढलं आणि जळणारा कचरा कुठल्या वारी, बाटल्या कुठल्या वारी, हे त्याला शिकवायला बसले. तो दोनदा चुकला. मी पुन्हा पहिल्यापासून सुरू केलं.