होडीचं घड्याळ

धक्क्यावर तिला सगळे टिबुकली म्हणायचे. टिबुकली म्हणजे मुठीएवढा पाणपक्षी. आत्ता इथे दिसतो, बुडी मारतो आणि भलतीकडेच वर येतो. ही बाईही तशीच होती. बुटकी, गोलमटोल, आणि एका जागी बसवून ठेवणं कुणाच्या बापाला न जमलेली. वय बावन्न. सातव्या वर्षी वडिलांनी हातात वल्हं दिलं, तेव्हापासून तिचा दिवस पाण्यावरच उगवायचा आणि तिथेच मावळायचा.

आता एक गोष्ट आधीच सांगायला हवी, नाहीतर पुढची गंमत कळणार नाही. वल्ही मारणारा माणूस होडीत उलटा बसतो. होडी जाते पुढे आणि त्याचं तोंड असतं मागे. टिबुकलीने उभा जन्म असं बसून काढला. तिचा उजवा हात तो होडीचा डावा. तिला त्याचं काही वाटायचं नाही, कारण त्या काळी पक्षी दाखवायचा तर ती नुसती हनुवटी उडवायची आणि माणसं तिकडे बघायची.

मग इंजिनं आली. वल्ही भिंतीला टेकली. आणि पाठोपाठ वनखात्याने नियम काढला की, दिवसभराची सफर घेऊन आतल्या पाण्यात जायचं असेल तर वाटाड्याला परीक्षा द्यावी लागेल. परीक्षा होडीतच, खऱ्या प्रवाशांसमोर. हात दाखवायचा नाही, कारण हात उचलला की पक्षी उडतो. दिशा सांगायची ती घड्याळाने. होडीचं पुढचं टोक म्हणजे बारा, उजवी बाजू तीन, मागे सहा, डावीकडे नऊ. दुधखुळ्या पोरालाही समजेल असा नियम.

टिबुकलीला तो समजायचा, फक्त तोंडातून उलटा यायचा. पहिल्या परीक्षेत तिने "तीन वाजता खंड्या!" असं झोकात सांगितलं. सात माणसं उजवीकडे वळली. खंड्या डावीकडच्या फांदीवर बसून त्यांच्या पाठी बघत राहिला. दुसऱ्या परीक्षेत तिने शहाणपणा केला. प्रत्येक पक्ष्याची दिशा मनात उलटी करायची, मग सुलटी करायची, मग बोलायचं. तोवर पक्षी दुसऱ्या तळ्यावर पोचलेला असायचा.

संधी तीनच मिळत. तिसऱ्यांदा नापास झालं की आतलं पाणी कायमचं बंद, आणि धक्क्यावरच्या तिकीटखिडकीत नोकरी.

ती राहायची थोरल्या भावाकडे. होडी भावाची, परवानाही त्याचाच. पण त्याचे गुडघे गेले आणि वर्षभर होडी सफरीविना धक्क्याला बांधलेली. वहिनी वयाने लहान, जिभेने थोरली.

"वन्सं, खिडकीत पंखा आहे, खुर्ची आहे, पाठीला टेकायला उशीसुद्धा देईन मी," वहिनी म्हणाली. "या वयात कशाला ती पाटी-पेन्सिल?"

"वहिनी, त्या खिडकीतून फक्त धक्का दिसतो."

"मग? जगाला धक्काच दिसतो."

"जगाला दिसू दे. मी मरेन त्या खुर्चीत," टिबुकली म्हणाली, आणि हे ती उगाच म्हणाली नव्हती. वेताच्या बेटांपलीकडचं ते पाणी, तिथली पहाटेची वाफ, कमळाच्या पानांवरून चालणारे कमळपक्षी, हे बघितल्याशिवाय आठवडा गेला तर तिला खरंच अन्न गोड लागायचं नाही. माणसाचा जीव कशात अडकेल काही सांगता येत नाही.

मग ती हट्टाला पेटली. भावाने तिला स्वयंपाकघरातल्या टेबलाशी बसवलं, समोरची खिडकी म्हणजे बारा ठरवली, आणि तालीम सुरू झाली.

"मीठ?"

"दोन वाजता."

"कांदे?"

"अकरा वाजता, टोपलीत."

"मी?"

"तू सात वाजता. आणि पाय खाली घे दादा, सूज चढेल."

"आणि माझे बारा या घरात कधीच वाजलेत, ते लिहून घ्या," वहिनी चुलीपाशी पुटपुटली. पण दुसऱ्या दिवसापासून तीच रोज डबे हलवून ठेवायला लागली, म्हणजे नणंदेला पाठ करता येऊ नये. तीन आठवडे हे चाललं. शेवटी शेवटी टिबुकली दुकानात जाऊन "दहा वाजताचा साबण द्या" म्हणायला लागली, तेव्हा भाऊ म्हणाला, "झालं. आता जा."

परीक्षेच्या दिवशी सकाळी सहाला होडी सुटली. प्रवासी तिघे. गणिताचे एक निवृत्त मास्तर, त्यांच्या पत्नी, आणि हातभर लांब कॅमेरा घेतलेला एक तरुण. चौथे खात्याचे साहेब. काळा चष्मा, मांडीवर फळी, फळीवर तक्ता. सगळे पुढे तोंड करून बसले. साहेब मात्र अगदी पुढच्या फळीवर, टोकाकडे पाठ करून बसले.

"साहेब, तिथून तुम्हाला पुढचं काही दिसायचं नाही," टिबुकली मागून, सुकाणूपाशी बसून म्हणाली.

"मला पक्षी नाही बघायचे. तुम्हाला बघायचंय," साहेब म्हणाले. "तक्त्यात बारा प्राणी. दहा दिसले पाहिजेत. प्रत्येकाची दिशा, संख्या आणि जागा मी लिहिणार. एक दिशा चुकली की कागद बंद."

इंजिन सुरू झालं, पाण्याचा वास नाकात गेला, आणि टिबुकली ताठ झाली.

"दहा वाजता, बोरूच्या कडेला, जांभळी पाणकोंबडी. दोन."

मास्तरांनी मनगटावरचं घड्याळ काढलं, त्यातले बारा होडीच्या टोकाकडे धरले आणि दहाच्या दिशेने बघितलं. "बरोबर!" ते इतक्या मोठ्याने ओरडले की दोन्ही पाणकोंबड्या गवतात पळाल्या. मास्तरीणबाईंनी त्यांना चिमटा काढला. त्यानंतर मास्तर उत्तर बरोबर आलं की नुसती मान डोलवू लागले.

दुपारपर्यंत आठ झाले. लांब पायांचे शेकाटे एक वाजता, पाणकावळा आठ वाजता, ओंडक्यावर पाच कासवं बरोबर बाराला. एकही चूक नाही. टिबुकलीला आपल्या जिभेचाच अभिमान वाटायला लागला. साहेब मात्र एकेक दिशा ऐकून क्षणभर थांबायचे, मान वळवायचे आणि लिहायचे. चेहऱ्यावर काही नाही. काळ्या चष्म्याआड ते जागे आहेत की झोपलेत, देव जाणे.

बेटावरच्या मचाणाखाली सगळे जेवायला बसले. मास्तरीणबाईंनी विचारलं, "बाई, पाणमांजर दिसेल का हो?"

"दिसेल असं मी म्हणत नाही. आहे, एवढं सांगते," टिबुकली म्हणाली. ही वडिलांची शिकवण होती. जे दिसेल त्याचं वचन द्यायचं नाही आणि जे दिसलं नाही ते दिसलं म्हणायचं नाही.

पण पाणमांजराचं नाव निघालं आणि तिने हातातला घास खाली ठेवला. मागच्या वर्षी, भावाबरोबर होडीत असताना, पाणमांजराचं बीळ तिनेच पहिल्यांदा पाहिलं होतं. आई आणि पिल्लं. आनंदाने वेडी होऊन तिने धक्क्यावर सगळ्यांना सांगितलं. दुसऱ्या दिवशी बिळासमोर सात होड्या रांगेत उभ्या. चौथ्या दिवशी आई पिल्लांना तोंडात धरून हलवायला लागली, आणि त्या गोंधळात एक पिल्लू पाण्यात राहिलं. मेलेलं सापडलं. कुणी तिला बोल लावला नाही. तिने स्वतःला लावला, आणि कानाला खडा लावला.

जेवणानंतर आभाळ भरून आलं. मोठा करकोचा मिळाला, नऊ झाले. तक्त्यात उरले तीन. मगर, चमचा आणि पाणमांजर. ऊन नसेल तर मगर काठावर येत नाही. चमचा पक्षी चिखलाच्या पट्टीवर असायचा, पण पट्टी पाण्याखाली गेलेली. चार वाजले. टिबुकलीने होडी अरुंद ओढ्यात घातली, इंजिन बंद केलं आणि बांबूने ढकलायला लागली.

तेवढ्यात डावीकडे, पडलेल्या झाडाच्या मुळांशी, पाणी हललं. एक चपटं, मिशाळ डोकं वर आलं. तोंडात मासा. आणि मुळांच्या अंधारातून ची-ची असा बारीक आवाज.

दहावं. अगदी पंधरा हातांवर. तिला फक्त "नऊ वाजता" एवढे दोन शब्द बोलायचे होते. 'न' म्हणायला तिची जीभ टाळ्याला लागलीसुद्धा.

खोटं कशाला सांगू, तिला मोह झाला. तिने तीन आठवडे मीठ-कांदे घोकले होते. समोर परवाना होता. पण बोलल्यावर पुढे काय होणार तेही तिला दिसलं: कॅमेरा उचलताना तो तरुण दिसला, मास्तर उठून उभे राहताना दिसले, तक्त्यावर "जागा" लिहिलेली दिसली, आणि उद्याच्या सात होड्या दिसल्या.

"तीन वाजता खंड्या!" ती ओरडली, आणि स्वतःही मान ताणून उजवीकडे बघायला लागली. डावीकडे तिने डोळासुद्धा वळवला नाही. बांबू मात्र असा रेटला की होडी झपकन पुढे सरकली.

"कुठे? कुठे?" तरुणाने कॅमेरा फिरवला.

"उडाला."

"मला नाही दिसला बुवा," मास्तर घड्याळ बघत म्हणाले.

पंचेचाळीस वर्षांत पाण्यावर टिबुकली पहिल्यांदा खोटं बोलली होती, आणि तिच्या कानांच्या पाळ्या तापल्या होत्या.

तरी ती हरायला तयार नव्हती. ओढ्यातून बाहेर पडताच तिने इंजिन लावलं आणि लांबचा वळसा घेऊन मगरीच्या काठाला गेली. मगर नाही. मग पश्चिमेच्या चिखलाकडे. तिथे बगळ्यांचे थवेच्या थवे, पण चमचा एकही नाही. ती उभी राहिली, डोळ्यांवर हात धरला, पुन्हा पुन्हा बघितलं. मास्तरीणबाई म्हणाल्या, "बाई, पुरे हो, खूप दाखवलंत." परतीची वेळ झाली होती.

धक्क्यावर प्रवासी उतरले. मास्तरांनी तिचा हात हातात घेऊन "शंभरपैकी नव्याण्णव" असं सांगितलं. एक मार्क खंड्याचा कापला होता. ते गेले. साहेब होडीतच बसून राहिले, अजून तसेच, उलटे.

"नऊ," ते म्हणाले.

"हो साहेब."

"आणि तीन वाजता खंड्या नव्हता."

"नव्हता."

"मग का सांगितलात?"

टिबुकलीने दोर खुंटाला गुंडाळला. सांगितलं असतं तर कदाचित सुटली असती. पण सांगणं म्हणजे जागा सांगणं. "चुकलं माझं," ती म्हणाली. "लिहा साहेब. नापास लिहा. मी उद्यापासून खिडकीत बसते."

साहेबांनी काळा चष्मा काढला. डोळे थकलेले होते. "बाई, मी दिवसभर उलटा बसलोय. तुम्ही सांगता ती दिशा मनात फिरवायची आणि मग बघायचं. चार वाजेपर्यंत माझं डोकं चालेनासं झालं. तुम्ही तीन म्हणालात, आणि मी माझ्या तीनला बघितलं."

टिबुकलीच्या हातातला दोर सुटला. उलट्या बसलेल्या माणसाचं तीन म्हणजे होडीचं नऊ, हे तिला कुणी समजावून सांगायची गरज नव्हती.

"मागच्या वर्षीचं ते पिल्लू पाण्यातून मीच काढलं होतं," साहेब म्हणाले. "हातात घेऊन कार्यालयात गेलो. वजन नव्हतंच त्याला." त्यांनी फळी मांडीवर घेतली. "तर, तुम्ही तीन म्हणालात, मी तीनला बघितलं, मला पाणमांजर दिसलं. दिशा बरोबर. आता संख्या लिहायचीय. आई आणि दोन पिल्लं, ना?"

टिबुकलीने धक्क्याकडे बघितलं. आसपास कुणी नव्हतं.

"तीन," ती हळूच म्हणाली. "आवाज तिघांचा होता."

साहेबांनी चाराचा आकडा घातला. मग पेन शेवटच्या रकान्यावर नेलं आणि थांबले. "जागा? इथे काहीतरी लिहावंच लागतं. कुठे दिसलं?"

"पाण्यात," टिबुकली म्हणाली.

साहेबांनी "पाण्यात" असं स्वच्छ अक्षरात लिहिलं आणि खाली सही केली.