माळ्यावर ठेवलेल्या फाइली

मी गणिताच्या शिकवण्या घेते. आठवी ते दहावी, संध्याकाळी, डोंबिवलीतल्या आमच्या घराच्या हॉलमध्ये. मुलांना न्यायला आया येतात तेव्हा मी त्यांना दारातच उभं करून सुनावते. "मोबाईल काढून घ्या. गेम डिलीट करा. ह्याचं डोकं चांगलंय हो, पण ते सगळं बंदुकीत अडकलंय." आया माना डोलावतात, मुलगा चपलेत पाय घालत माझ्याकडे खुनशी नजरेने बघतो, आणि मला आपण समाजकार्य केल्यासारखं वाटतं.

हीच बाई दुपारी नवरा जेवून आडवा झाला की आतल्या खोलीचं दार लोटते, मुलाचे जुने हेडफोन कानाला लावते आणि बंदूक घेऊन एका बेटावर उतरते.

हे लिहितानाही माझे कान गरम होतायत. पन्नाशी उलटलेली, घरात सून आलेली बाई मी. आमच्यात बायका या वयात भजनी मंडळात जातात, योगासनं करतात, फार तर गच्चीत कुंड्या लावतात. त्यातलं काही मी केलं असतं तर कुणाला सांगायला लाज वाटली नसती. मी नेमकं ते सोडून बाकीचं केलं.

सुरुवात अगदी साधी होती. मुलगा लग्नानंतर घोडबंदर रोडला राहायला गेला. तिकडे त्याचं ऑफिस जवळ. त्याचा कॉम्प्युटर इथेच राहिला. शिकवणीच्या प्रश्नपत्रिका टाइप करायला मी तो वापरायला लागले. जागा भरली म्हणून एक दिवस त्याचा गेम काढून टाकायला बसले, आणि काढण्याआधी आत आहे तरी काय म्हणून उघडला. डोंगर, ओसाड घरं, गवतावरून जाणारा वारा. पहिले कितीतरी दिवस मी नुसती मरत होते. पण मला कोन कळतात, अंतर कळतं, आणि जन्मभर मुलांना गणित सुचायची वाट बघितल्यामुळे थांबता येतं. छपरावर पडून राहायचं, कोण कुठून येणार याचा हिशेब करायचा. हळूहळू मी मरेनाशी झाले.

मग तिघांनी मला त्यांच्या टीममध्ये घेतलं. तिघेही पोरगेसे, आवाजावरून तरी. मी माइक कधीच लावला नाही, बिघडलाय म्हणून सांगितलं आणि सगळं टाइप करत गेले. थोडंच, कामापुरतं. "डावीकडे दोन. थांब. आता." त्यामुळे त्यांनी मला 'बॉस' नाव ठेवलं आणि पुरुष समजले. मी तो समज दूर केला नाही. त्यांचा कॅप्टन बोलता बोलता एकदा म्हणाला की तो कोपरला राहतो. कोपरला माझी बहीण राहते. तेव्हापासून मी तिच्याकडे जाताना स्टेशनच्या पुलावर मान खाली घालून चालते. तो मला ओळखणं शक्यच नाही, तरीही.

तर, नवरात्रातल्या रविवारी दुपारी चार वाजता आमची मॅच होती. ऑनलाइन स्पर्धा, छोटीशीच, पण कॅप्टनने चौघांची नावं आधीच दिलेली होती आणि बदली खेळाडू चालणार नव्हता. चौथा आला नाही तर टीम बाद. "बॉस आहे ना, मग टेन्शन नाय," असं तो म्हणाला होता. मला याचं फार अप्रूप वाटलं होतं. बीजगणित आणि वरणभात सोडून दुसऱ्या कशासाठी कुणी माझ्या भरवशावर बसलंय, असं मला कित्येक वर्षांत वाटलं नव्हतं.

घट बसायच्या आधी आमच्याकडे घराची साफसफाई झाली. दुसऱ्या दिवशी दुपारी मी गेम सुरू केला तर तो उघडेचना. इंग्रजीत पाटी आली: फसवणूक रोखणारी यंत्रणा सुरू होऊ शकत नाही, फाइल खराब आहे किंवा विश्वासार्ह नाही.

पकडले गेले, हाच पहिला विचार. कशात पकडले गेले? मी कधी लबाडी केली नव्हती, करायची कशी तेही मला माहीत नव्हतं. पण लपूनछपून काही करणाऱ्या माणसाला पाटी कुठलीही दिसली तरी आपलीच वाटते. खाई त्याला खवखवे म्हणतात, ते काही उगाच नाही. मी कॉम्प्युटर बंद केला आणि शहाण्या बाईसारखी भाजी निवडायला बसले.

संध्याकाळपर्यंत डोकं ताळ्यावर आलं. अशा खेळांबरोबर एक राखणदार प्रोग्राम येतो. खेळणाऱ्याने काही चोरवाटा लावल्यात का, हे तो तपासतो. खेळाच्या फाइली जशाच्या तशा आहेत अशी त्याची खात्री पटली तरच दार उघडतं. एखादी फाइल हरवली, मोडली, किंवा खुद्द राखणदाराचाच एखादा तुकडा जागेवर नसला तरी दार बंद. म्हणजे आपण चोर असायलाच हवं असं नाही. मग फाइली मोडल्या कुणी?

चहाच्या वेळी मी सहज विचारल्यासारखं विचारलं, "अहो, कॉम्प्युटरला हात लावला होतात का?"

"हात? साफ केला," नवरा म्हणाला. "सगळं घर साफ झालं, त्या डब्याने काय पाप केलंय? काय कचरा साठवलाय गं आत! नावं वाचता येत नाहीत अशा फाइली."

"टाकल्या?"

"टाकीन कशाला? माळ्यावर ठेवल्यात."

माझा नवरा मानपाड्याच्या बाजूला एका कारखान्यात स्टोअर सांभाळून निवृत्त झालाय. त्याच्या हातून वस्तू कधी टाकली जात नाही, तिला फक्त नवी जागा मिळते. मी जाऊन बघितलं. स्क्रीनवर 'माळा' नावाचं नवं फोल्डर होतं आणि त्यात आणखी फोल्डर: 'काय आहे माहीत नाही', 'बहुतेक लागणार नाही', 'मुलाला विचारणे'. राखणदाराचे निम्मे तुकडे 'बहुतेक लागणार नाही'मध्ये पडले होते. डब्यांची झाकणं एका कोपऱ्यात आणि डबे दुसऱ्या कोपऱ्यात ठेवणारा माणूस हा! कपाळावर हात मारून घेतला, पण आवाज न करता. ओरडले असते तर 'तुला कशाला हव्यात त्या फाइली' याचं उत्तर द्यावं लागलं असतं. स्वतःच्याच घरात मला चिडायची सोय राहिली नव्हती.

मी फाइली खाली उतरवायला घेतल्या. कुठली कुठे होती ते कुणास ठाऊक, अंदाजाने ठेवत गेले. एकाच नावाच्या दोन फाइली निघाल्या. जुनीवर नवी ठेवू का, असं कॉम्प्युटरने विचारलं, मी हो म्हटलं. पोरांना मी रोज सांगते, 'अंदाजाने उत्तर लिहू नका'. माझ्या अंदाजाने आधी जे नुसतं हरवलं होतं ते आता मोडलंसुद्धा.

शेवटी सापडलं की फाइली तपासून दुरुस्त करायचं एक बटणच असतं. प्रत्येक फाइल मूळ प्रतीशी ताडून बघायची, बिघडलेली काढून नवी आणायची, असं सगळं ते आपणहून करतं. दुपारभर ते चाललं. नवरा घोरत होता आणि मी दाराकडे एक कान ठेवून त्या सरकणाऱ्या पट्टीकडे बघत होते. पट्टी भरली. खेळाच्या फाइली ठीक झाल्या. पण राखणदाराला पुन्हा नव्याने बसवावं लागणार होतं, आणि त्यासाठी कॉम्प्युटरच्या मालकाचा पासवर्ड हवा होता. मालक घोडबंदर रोडला.

फोन करायला मला दोन दिवस लागले. मग एक कथा रचली. शिकवणीतला एक मुलगा आहे, त्याच्या घरी कॉम्प्युटर नाही, चाचणीत चांगले मार्क मिळाले म्हणून मी त्याला आपल्याकडे गेम खेळू देते, आणि आता तो बंद पडलाय.

"तू? गेम खेळू देतेस?" मुलगा हसत सुटला. "माझ्या वेळेला कुठे गेलेली गं ही आई?"

"तू पासवर्ड सांग."

"फोनवर नको, तोच सगळीकडे आहे माझा. रविवारी जेवायला येतोय ना आम्ही, बघून देतो."

शनिवारी गेमबाहेरच्या आमच्या चॅटवर कॅप्टनचा मेसेज आला, "बॉस, उद्या पक्का ना?" दुपारी खोली रिकामी झाल्यावर मी उत्तर लिहिलं, "पक्का."

रविवारी घोडबंदरला गाड्या अडकल्या होत्या. जेवायला येतो म्हणालेला मुलगा आणि सून उशिरा आले. मी पानं घाईघाईने वाढली. "जरा दमाने गं," नवरा म्हणाला. माझं लक्ष घड्याळाकडे होतं. श्रीखंडाची वाटी अजून हातात असतानाच मी मुलाला म्हटलं, "ते कॉम्प्युटरचं बघतोस ना?"

तो बसला. पासवर्ड टाकला. राखणदाराला आधी काढलं, मग पुन्हा बसवलं, कॉम्प्युटर बंद करून सुरू केला. मी गेले कित्येक दिवस जी दारं ठोठावत होते ती त्याने श्रीखंड चाटत उघडली. ते बेट दिसायला लागलं तेव्हा मला रडू येईल असं वाटलं. त्याच वेळी सुनेने माउसच्या बाजूला पडलेला माझा जवळचा चष्मा उचलला, पदराने पुसला आणि माझ्या हातात दिला. "आई, तुमचा चष्मा." मी तिच्याकडे बघितलं नाही.

मुलाने हेडफोनची वायर काढून ठेवली होती. त्यामुळे कॅप्टनचा आवाज एकदम खोलीभर झाला. "बॉस! आला रे आला! कुठे होतास यार, दोन मिनिटं राहिलेली. जाम फाटलेली आमची."

नवरा उठून दारात आला. "कोण आहे हा?"

"आईच्या त्या शिकवणीवाल्या पोराची टीम दिसतेय," मुलगा म्हणाला. "आई, मॅच आहे त्याची आत्ता. कुठाय तो?"

तेव्हा मला बोलता आलं असतं. एवढंच म्हणायचं होतं, ऊठ, माझी मॅच आहे. ते शब्द तोंडात आले होते, खरंच आले होते. मग मी नवऱ्याकडे बघितलं. हसायला तयार झालेलं त्याचं तोंड बघितलं. ही गोष्ट तो प्रत्येक लग्नात, प्रत्येक बारशाला सांगणार. शिकवणीतल्या आया मला दिसल्या, दारात उभ्या.

"तो आज येणार नाही," मी म्हटलं.

"अरे यार. बाकीचे तिघं लटकतील ना." मुलगा खुर्ची पुढे ओढून बसला. "चल, मी खेळतो त्याच्या जागी. बॉस तर बॉस!"

मी त्याच्या मागे उभी राहिले. तो बेटावर उतरला आणि पहिल्या घरातून सरळ उघड्यावर धावत सुटला. मला ओरडावंसं वाटत होतं. छपरावर जा रे. थांब. डावीकडे बघ. माझी बोटं पदरातल्या पदरात बटणं दाबत होती. "बॉस, क्या कर रहा है?" कॅप्टन म्हणत होता. "बॉस, वर जा ना. बॉस?" मुलगा पडला. त्याला उठवायला आलेला दुसरा पडला. मग तिसरा. कॅप्टन एकटाच बराच वेळ टिकला. खोलीत त्याचा श्वास ऐकू येत होता. मग तोही गेला.

मग कॅप्टन शांतपणे म्हणाला, "हा बॉस नाय. बॉस असा धावत नाय कधी. कोण आहेस रे तू?"

मुलाला हसू आलं. कोपऱ्यातला माइक त्याने ओढून घेतला. माझ्या सांगण्याप्रमाणे तो बिघडलेला होता, पण उत्तम चालला. "सॉरी भावा, पकडलंस. मी दुसराच आहे. ज्याचा आयडी आहे तो इथे नाहीये."

"आयडी दिला त्याने दुसऱ्याला?" मागून एक आवाज आला. "ही तर चीटिंग झाली यार. कॅप्टन, काढ त्याला."

"थांब रे," कॅप्टन म्हणाला. "बॉस असं नाय करणार. काहीतरी झालं असेल. ए भाऊ, तो बरा आहे ना? विचार ना जरा कुणाला."

मुलगा खुर्ची वळवून माझ्याकडे बघायला लागला. नवरा बघत होता. सूनही बघत होती, फक्त ती माझ्या हातातल्या चष्म्याकडे बघत होती.

"आई, विचारतोय तो. तो मुलगा बरा आहे ना?"

"बरा आहे," मी म्हटलं. "अभ्यासाला लागलाय म्हणावं."