शांताबाई कोळेकरांच्या दिग्दर्शनाखाली

एका मासिकाच्या संपादकांनी माझ्या कारकिर्दीवर लेख मागितला. शाळामास्तर, मग हौशी रंगभूमीवरचा नट-दिग्दर्शक आणि आता मुंबईच्या टीव्ही केंद्रावर निर्माता, हा प्रवास वाचकांना प्रेरक वाटेल, असं त्यांचं पत्र होतं. सोबत फोटोही हवा होता. मी लिहायला बसलो. 'माझ्या यशाची सुरुवात सांगलीत झाली' हे पहिलं वाक्य खोटं नव्हतं. पण दुसरं वाक्य खरं लिहायचं तर एका बाईचं नाव लिहावं लागणार होतं, आणि ते मी दहा वर्षं कुठेच लिहिलं नव्हतं. मी कागद फाडला, रजा टाकली आणि सांगलीची गाडी पकडली. आणीबाणी उठून दुसरा हिवाळा लागला होता. त्या लेखाऐवजी हे प्रवासवर्णन पाठवतो आहे. छापायचं तर असंच छापावं. फोटो पाठवत नाही.

गुन्हा आधीच सांगतो, म्हणजे वाचकाला माझ्याबद्दल भलता आदर वाटायला नको. सांगलीला मास्तर असताना मी स्पर्धेसाठी एक नाटक बसवलं होतं. नवऱ्याचं घर सोडून आलेली सखू आणि तिला दारात अडवणारा बाप, अशी गोष्ट. शेवटी सखूच्या तोंडी दीड पानाचं भाषण होतं आणि ते काही केल्या उभं राहीना. सखूच्या कामाला आम्ही शांता कोळेकर नावाची नटी आणली होती. सांगली-मिरजेकडे अशा बायका असतात. जत्रेच्या हंगामात गावोगावची मंडळं त्यांना एका खेळापुरतं बोलावतात. नाटकं सगळी तोंडपाठ. दुपारी एस.टी.तून उतरायचं, ज्याला जन्मात पाहिलं नाही त्याची बायको व्हायचं, तो विसरला की त्याची वाक्यं त्याच्या कानात सांगायची आणि सकाळच्या गाडीने पुढच्या गावाला जायचं.

एका तालमीत शांताबाई म्हणाली, "मास्तर, ह्ये भाषण नको. मी दावते." आमच्याकडे लांबून आलेल्या माणसावरून घरातलं कुणीतरी भाकरतुकडा ओवाळून टाकतं, मग तो उंबरा ओलांडतो. शांताबाईने पदराच्या गाठीतून भाकरीचा तुकडा सोडला, स्वतःच स्वतःवरून ओवाळला, मागे भिरकावला आणि बापाला खांद्याने बाजूला सारून आत गेली. तोंडातून एक शब्द नाही.

साताऱ्याला स्पर्धेत हा शेवट झाला तेव्हा सगळं थिएटर उठून उभं राहिलं. परीक्षक आत आले. "शेवटाची कल्पना कुणाची?" शांताबाई माझ्याशेजारी उभी होती. मी म्हणालो, "दिग्दर्शकाला सुचतं कधी कधी." ती पिशवी उचलून स्टँडवर गेली. त्या एका शेवटावर मला बक्षीस मिळालं, त्या बक्षिसावर मुंबईची नोकरी मिळाली, आणि टीव्हीवर ते नाटक केलं, बापाचं कामही मीच केलं, तेव्हा पडद्यावर 'दिग्दर्शन' या शब्दाखाली माझं नाव आलं.

सांगलीला सकाळी उतरलो. खणभागातली तिची खोली शोधली, तर दाराला कुलूप. शेजारी कापूस पिंजत बसलेल्या चाचांनी धनुकली थांबवली.

"शांताक्का व्हय? ती न्हाई. म्हसवडच्या पल्याड गेलीया. आठ दिस झालं."

"एका खेळाला आठ दिवस?"

"आवं, खेळ करायला न्हाई, बसवायला गेलीया. बोर्डावर नाव लागनार हाय तिचं. डायरेक्टर म्हनून! अख्ख्या गल्लीला सांगून गेली." मग त्यांनी मला खालून वरपर्यंत बघितलं. "तुमी कोन?"

"मी इथं मास्तर होतो. नाटकं करायचो."

"हां. त्ये मास्तर," चाचा म्हणाले आणि पुन्हा कापूस पिंजू लागले. गल्लीला माझीही माहिती होती तर.

विट्यामार्गे म्हसवडची एस.टी. धरली. तासगावपर्यंत डोळ्यांना ऊस दिसतो, विट्यानंतर जमीन हळूहळू कातडीसारखी कोरडी होत जाते. नंतर बाभळी, कुसळं, मेंढरं आणि त्यांच्यामागे खांद्यावर घोंगडं टाकलेली माणसं. दिघंचीच्या अलीकडे गाडीच्या इंजिनातून वाफ निघाली. ड्रायव्हर घागर घेऊन विहिरीकडे गेला आणि आम्ही सगळे खाली उतरून बसलो. एका म्हातारीने किटलीतलं माडगं (हुलग्याच्या पिठाची गरम, पातळ पेज) मला झाकणात ओतून दिलं. "कुनाकडं निघालायसा?" तिने विचारलं. मी म्हणालो, "एका बाईची माफी मागायला." ती म्हणाली, "मग रिकाम्या हातानं चाललायसा व्हय? लुगडं तरी घ्यायाचं." पुढे तासभर गाडीत माझ्याविषयी जी चर्चा चालली ती लिहीत नाही.

म्हसवडला सिद्धनाथाचं दर्शन घेऊन बाहेर आलो, तर एका ताठ पाठीच्या, पिळदार मिशीच्या गृहस्थांनी वाट अडवली.

"आवं, तुमी त्या टीव्हीच्या पेटीतलं न्हवं? पुण्याला आमच्या कॅन्टीनात बघितलंय तुमास्नी. साहेब, जय हिंद!"

ते निवृत्त सुभेदार होते. शांताबाईला बोलावणाऱ्या मंडळाचे तेच अध्यक्ष. नाटक तेच सखूचं होतं, आणि ते भाड्याचा लाऊडस्पीकरचा कर्णा न्यायला आले होते. मी येण्याचं कारण सांगायला तोंड उघडलं, पण तोवर कर्ण्याशेजारी ट्रॅक्टरच्या ट्रॉलीत माझी बसायची सोय झाली होती. गावाचं नाव लिहीत नाही, कारण तिथल्या लोकांनी माझं वाईट काहीच केलं नाही. हार घातला, नारळ दिला, जेवायला बसवलं. बाजरीची भाकरी, मटणाचा रस्सा, वर कांदा. मी हार गळ्यात ठेवून जेवलो. शांताबाईला आधी भेटावं हे मनात होतं, पण आग्रह मोडवेना. माझी अर्धी पापं अशीच आग्रह न मोडवल्यामुळे झाली आहेत.

हात धुऊन बाहेर आलो तेव्हा शाळेपुढच्या मांडवात इब्राहिम पेंटर बोर्डाचं शेवटचं अक्षर ओढत होता. 'दिग्दर्शन' या शब्दापुढे आठ दिवस जागा मोकळी ठेवली होती. तिथे आता लाल रंगात माझं नाव होतं. पुढे कंसात 'मुंबई टीव्ही'.

 यावेळी मी तोंडसुद्धा उघडलं नव्हतं, तरी तेच झालं होतं.

शांताबाई शाळेच्या एका वर्गात बाकावर बसली होती. केस पिकले होते. समोर रंगाची पेटी होती, ती बंद.

"या मास्तर," ती म्हणाली. "लय लांबनं आलासा. एवढं एकच न्यायचं र्‍हायलं हुतं, न्हवं?"

"शांताबाई, मी माफी मागायला आलोय. देवाशप्पथ, त्या बोर्डाचं मला..."

"माफी ऱ्हाऊ द्या. ती तुमची तुमी घेऊन फिरा. मला काय तिचं लोनचं घालायचंय?" मग दाराशी आलेल्या सुभेदारांकडे बघून म्हणाली, "सुभेदार, माझी अट काय हुती? बोर्डावर नाव. न्हाईतर मी तोंडाला रंग लावनार न्हाई."

"बाई, समजून घ्या," सुभेदार म्हणाले. "साहेबांचं नाव लाऊडस्पीकरवर गेलंय. चार गावचं लोक आल्यात. आन एका बाईनं शिकवलं म्हनून बोर्ड लावला, तर गावाच्या इज्जतीचा सवाल हाय."

"मग शिकवलं कुनी? तुमची पोरं स्टेजवर कवायत करत येत हुती, लेफ्ट-राइट! सखूचा नवरा बायकोला सॅल्यूट ठोकायचा. त्येला नवरा कुनी केला?"

दारामागे पोरं खुसखुसली. सुभेदारांचे कान लाल झाले.

"इज्जत एवढी नाजूक असंल," शांताबाई म्हणाली, "तर तुमीच लुगडं नेसा आन करा सखूचं काम. मिशी तेवढी झाका."

मी गळ्यातला हार काढला, मांडवात गेलो आणि इब्राहिमभाईंकडे ब्रश मागितला. "साहेब, ओला रंग हाय, सगळा फराटा हुईल," ते म्हणाले. "होऊ द्या," मी म्हणालो. माझं नाव मी स्वतः पुसलं. बोर्डभर लाल डाग पसरला. सुभेदार मागोमाग आले होते.

"साहेब, ह्ये काय केलंसा?"

"सुभेदार, पूर्वी साताऱ्याला मी या बाईचंच श्रेय चोरलं होतं. आज तुमच्या गावाने चोरायचं ठरवलं, तर आधी मला ट्रॉलीत घालून परत सोडा. आणि लाऊडस्पीकरवर काय सांगायचं ते मी सांगतो."

मी ते सांगितलंही. कर्णा लावून, सगळ्या मैदानाला. दहा वर्षं घोळवलेली वाक्यं होती ती. तिसऱ्या वाक्याला मागून आवाज आला, "आवं, कीर्तन ऱ्हाऊ द्या, नाटक कवा?" सगळे हसले. माझ्या पापात कुणालाच रस नव्हता. शांताबाईचं नाव मात्र मी तीनदा घेतलं, आणि इब्राहिमभाईंनी लाल डागावर पांढऱ्या रंगात ते लिहिलं: शांता बाबू कोळेकर.

रात्री तमाशा असल्यामुळे नाटक दुपारी चारला, भर उन्हात होतं. आत गेलो तर शांताबाई रंग लावत होती. आरशातून म्हणाली, "बापाचं काम करनारा नाना जुलाबानं आडवा झालाय. तुमाला बाप पाठ हाय. नेसा धोतर."

"मी? आता? शेवट तोच ना, भाकरतुकड्याचा?"

"त्यो आता गावोगाव करत्यात. तुमच्या पेटीनं केलाय म्हनं. शिळा झाला." तिने टिकली लावली. "दारात उभं र्‍हावा. काय बी झालं तरी हालायचं न्हाई. आन लांबच्या म्हातारीला ऐकू जाईल असं बोला. मघाशी कर्ण्यावर सोताशीच बोलत हुतासा."

शेवटच्या प्रवेशात मी दारात हात आडवा लावून उभा राहिलो. ती आली. भाषण नाही, भाकरतुकडा नाही. तिने अंगणातले तीन दगड उचलले, माझ्या दारासमोर चूल मांडली आणि गाठोड्यातून तवा काढला. काटक्या रचल्या. मग मान वर केली आणि शेजारणीने मागावा तसा माझ्याकडे ईस्तू (विस्तव) मागितला.

"ईस्तू हाय का घरात?"

पोटची लेक बापाच्या अंगणात शेजारीण होऊन विस्तव मागत होती. मला पुढचं काही आठवेना, आणि पुढचं काही लिहिलेलंच नव्हतं. ती हात पुढे करून बसली. बायकांमधून एक म्हातारी उठली.

"द्ये की रं मुडद्या, ईस्तू! हात झडला का तुजा?"

मग सगळीकडून सुरू झालं. कुणी बाप काढला, कुणी जात. एक चप्पल चौकटीवर आपटली.  आयुष्यभर मी लोकांना बरा वाटावा म्हणून हाललो होतो. त्या दिवशी हाललो नाही. शेवटी ती म्हातारीच तरातरा स्टेजवर चढली, तमाशावाल्यांच्या जळत्या चुलीतलं लाकूड घेऊन. तिने ते शांताबाईच्या चुलीत सारलं. काटक्या पेटल्या. शांताबाईने तवा ठेवला, आणि पडदा ओढणाऱ्याला हाताने खूण केली.

आत आल्यावर मी विचारलं, "ती म्हातारी तुम्ही ठरवली होती?"

"न्हाई. पर कुनीतरी येनार, ह्ये ठाव हुतं. तुमी हालला असता तर आली नसती."

सुभेदारांनी सकाळी फोटो काढला. गावातली सगळी पोरं बोर्डाखाली उभी होती, मधे शांताबाई. मला कडेला उभं केलं. सुभेदार स्वतः तिच्याशेजारी, छातीवर पदकं लावून.

परत येताना फलटणवरून लोणंदला आलो. स्टेशनच्या बाकावर कांद्याच्या पोत्यांशेजारी गाडीची वाट बघत हे लिहायला घेतलं. माझं ओझं उतरलं, असं लिहिलं तर ते पुन्हा खोटं होईल. ते तिने उतरवून घेतलं नाही, आणि तिने घ्यावं तरी का? तिने दहा वर्षांत आणखी दहा शेवट शोधले. मी तेवढ्याच काळात एका चोरलेल्या शेवटावर बढत्या घेतल्या.

निघताना ती ट्रॉलीपर्यंत आली होती. म्हणाली, "म्हायन्यानं खालच्या गावात जत्रा हाय. बापाचं काम तुमीच करा. पर आठ दिस आधी या. ऐनवेळी येनारा नट मला चालत न्हाई."

मुंबईला पोचताच रजेचा अर्ज दिला. कारणाच्या रकान्यात लिहिलं: 'दिग्दर्शिका शांता बाबू कोळेकर यांनी तालमीला बोलावले आहे.' वरिष्ठांनी लाल शाईत विचारलं, या कोण? मी तोच अर्ज पुन्हा दिला, तिचं नाव मोठ्या अक्षरात लिहून. रजा नामंजूर झाली आहे. मी जाणार आहे.