शनिवारचं बीजगणित

ऑफिसात माझ्या शेजारच्या डेस्कवरची मैत्रीण म्यानमारची. इथे आखातात, सिलिकॉन ओएसिसमधल्या त्या ऑफिसात आम्ही चार वर्षं एकत्र डबा खाल्ला. तिच्या देशात लष्कराने सत्ता बळकावली, तेव्हा तिच्या थोरल्या बहिणीने सरकारी शाळेतली नोकरी सोडली. "बंदूकवाल्यांचा पगार नको," म्हणाली, आणि एका खेड्यात लपून मुलांना शिकवू लागली.

एक दिवस डबा न उघडताच मैत्रीण म्हणाली, "ताईबरोबर गणित शिकवायचे ते सर पकडले गेले. तू इंजिनिअर आहेस. शिकवशील?"

घरी नवरा म्हणाला, "अगं, आपण इथे व्हिसावर राहतो. कुठे या भानगडीत पडतेस?"

"बीजगणित ही भानगड कधीपासून झाली?" मी विचारलं.

मग दर शनिवारी सकाळी मैत्रीण अल बर्शाला आमच्या घरी येऊ लागली. तिकडे नेट वरचेवर तोडलं जायचं, म्हणून थेट वर्ग जमेना. मी इंग्रजीत समजावून सांगायचे, ती तिच्या भाषेत बोलायची, आणि पाच-पाच मिनिटांचे धडे रेकॉर्ड करून आम्ही पाठवायचो. माझी दहा वर्षांची लेक ऐकत असायची. "आई, यू आर गोइंग टू फास्ट," ती एकदा म्हणाली. खरंच होतं. मी पहिल्यापासून सुरुवात केली. तिकडची अकरा मुलं डोंगर चढून, रेंज मिळेल तिथे धडे उतरवून घ्यायची.

एकदा सैनिक झडतीला आले. ताईने वह्या भाताच्या कणगीत पुरल्या आणि मुलांना शेंगा सोलायला बसवलं. सैनिक मूठभर शेंगा उचलून निघून गेले. हे सांगताना मैत्रीण हसली, मग रडली, मग डोळे पुसून म्हणाली, "यल्ला, चल, पुढचं समीकरण घे."

ताईने मुलांची परीक्षा घेतली, आणि तीन आठवडे काहीच कळेना. मग एका दुपारी ऑफिसात तिचा फोन वाजतच राहिला. उत्तरपत्रिकांचे फोटो होते. आम्ही मीटिंग रूममध्ये दार लावून तपासायला बसलो. अकराही मुलं पास. एका मुलीने शेवटचं उदाहरण मी न शिकवलेल्या रीतीने सोडवलं होतं, माझ्यापेक्षा चार ओळी कमी. मी तीनदा पडताळलं. बरोबर होतं.

संध्याकाळी नवऱ्याला ते पान दाखवलं. त्याने बराच वेळ पाहिलं.

"फिजिक्स कोण शिकवतं त्यांना?"

"कुणीच नाही."

"मग मैत्रिणीला सांग, शनिवारी अर्धा तास मलाही लागेल."