राव सार आणि झाकलेल्या वॉर्निंग

राव सारांना किळस फार लवकर यायची. सांडलेल्या सांबाराची नव्हे, बिल्डच्या आउटपुटची. दोन हजार चार-पाचच्या सुमाराची गोष्ट. अंबत्तूरच्या आमच्या ऑफिसात सगळ्यांचा कोड रोज त्यांच्या मशीनवर कम्पाइल होऊन एक प्रोग्राम बनायचा; तेच बिल्ड. 'इथे चूक असू शकते' अशी कम्पायलरची एक जरी वॉर्निंग दिसली, तरी ते नाकाला रुमाल लावून ती करणाऱ्याच्या टेबलापाशी हजर. "च्छी! काय मा हे? प्रोग्राम चालला म्हणजे आंघोळ झाली होय?"

सार तंजावरकडचे मराठी. मी नाशिकची; मला ते तिकडच्या रीतीने 'मा' म्हणत. त्यामुळे मराठीत बोलणी खायचा मान एकट्या माझा.

वॉर्निंगला एररच मानायचं, असं सेटिंग त्यांनी करून ठेवलं होतं. एकाने घाण केली की सगळ्यांचं बिल्ड अडायचं. पोरं चडफडत. सार म्हणत, "कम्पायलर पगार घेत नाही. तो कशाला खोटं बोलेल?"

कारखान्यातली पत्रे दाबायची प्रेस चालवणारा प्रोग्राम ग्राहकाला द्यायचा होता. दुसऱ्या टीमच्या फायलींत ढीगभर वॉर्निंग निघाल्या. सारांनी चार दिवस मागितले. मॅनेजरने त्यांना मीटिंगसाठी शहराच्या दुसऱ्या भागात, नुंगंबाक्कमला पिटाळलं आणि मला सांगितलं, "ते सेटिंग काढ. आउटपुटमध्ये एकही वॉर्निंग दिसता कामा नये." मी दोन ओळी बदलल्या. आउटपुट लख्ख. मला बरंसुद्धा वाटलं, शी!

आठवड्याने ग्राहकाकडची प्रेस आपोआप खाली आली. कामगाराने हात नुकताच बाहेर घेतला होता. कारण निघालं, सुरुवातीची किंमत न देताच वापरलेलं एक व्हेरिएबल; त्यात पडून असलेला कुठलासा आकडा प्रेसने हुकूम मानला. झाकलेल्या वॉर्निंगमध्ये नेमकं तेच लिहिलेलं होतं.

चौकशीत मॅनेजर थंडपणे म्हणाला, "बिल्ड राव बघतात." सारांनी माझ्याकडे पाहिलं. बदल कोणी केला, ते फाइलच्या नोंदीत असतंच; त्यांनी सकाळीच वाचलं असणार. मी समोरचा ग्लास उचलून पाणी प्यायले. पुरतं संपवलं.

"हौ, बिल्ड माझं," सार म्हणाले. त्याच दिवशी त्यांना घरी बसवलं.

ते खण रिकामा करत होते तेव्हा मी माफी मागायला गेले. त्यांनी मानही वर केली नाही. "मला कशाला सॉरी? त्या माणसाचे हात बघून ये, मा."

कारखाना अंबत्तूरमध्येच होता, बसने दहा मिनिटं. मी त्या ऑफिसात आणखी तीन वर्षं काढली. गेले नाही.