गुंजन कुठली?

मंजूषाला कायदा कळत नव्हता असं कुणी म्हणू नये. पुण्याच्या कोर्टात तिने आठ वर्षं वकिली केली होती, आणि तीही कुणाच्या केबिनमध्ये पंख्याखाली बसून नव्हे, तर तारखांसाठी भांडून आणि कारकुनांशी हुज्जत घालून. मग नवऱ्याला, निहारला, नेदरलँड्समधल्या ब्रेडाच्या एका मालवाहतूक कंपनीत आयटीची नोकरी लागली, झूटरमेरला घर झालं, आणि वकीलबाईंची नुसती बायको झाली. इथे तिच्या सनदेला कोण विचारतो? गेमेंटेत, म्हणजे तिथल्या नगरपालिकेत, पत्ता नोंदवायला गेली तेव्हा काउंटरवरच्या बाईने व्यवसाय विचारला. हिने मान ताठ करून ‘अ‍ॅडव्होकेट’ सांगितलं. बाई गोड हसली आणि पुढच्या प्रश्नाकडे वळली. ते हसू मंजूषाच्या डोक्यातून कधी गेलं नाही.

म्हणून मुलगी शाळेत जायला लागल्याबरोबर तिने पुन्हा दप्तर उचललं. द हेगला रोज ट्रामने जायचं, वर्गातल्या पोरासोरांत बसायचं आणि कायद्याचं मास्टर्स करायचं. विषय निवडला तोही रुक्ष: कोर्टाचं अधिकारक्षेत्र आणि कार्यपद्धती. खटला कुठल्या कोर्टात चालवायचा, का चालवायचा, आणि आधी कुणी दाखल करायचा. इतर मुलं जांभया द्यायची. मंजूषाला मात्र त्यात फार दिवसांनी स्वतःचं घर सापडल्यासारखं वाटलं.

शिकवायला मारेके होती. पन्नाशीची, सायकलवरून भिजत येणारी, आणि नुसतं नावाने हाक मारा म्हणणारी. मंजूषाला ते शेवटपर्यंत जमलं नाही, ती ‘मॅडम’च म्हणायची. मारेकेने पहिल्याच दिवशी सांगितलं होतं, “कोण खरं, कोण खोटं ते नंतर. आधी विचारा, हे ठरवायचा अधिकार कुणाला?” अमेरिकेची फेडरल कोर्टं शिकवताना ती म्हणाली की अधिकार नसेल तर वादी-प्रतिवादी दोघांनी हात जोडून विनवलं तरी ते कोर्ट प्रकरणाला हात लावत नाही. आणि मुलांचा ताबा शिकवताना म्हणाली, “मुलाचं पासपोर्टवरचं गाव बघू नका. त्याची शाळा कुठे, मित्र कुठे, डॉक्टर कुठला, ते कुठल्या भाषेत भांडतं, ते बघा. जिथे मुलाचं रोजचं जगणं, तिथलं कोर्ट.” हे मंजूषाने वहीत लिहून खाली दोन रेघा मारल्या होत्या.

तिची गुंजन सहा वर्षांची. तिचं रोजचं जगणं कुठलं हे सांगायला कोर्ट कशाला हवं? “गुंजन, पोळी देऊ का?” म्हटलं की आतून उत्तर यायचं, “ने, ममा. ब्रोड.” म्हणजे नको, पाव दे. मैत्रिणींशी डच, बाहुलीशी डच, रागावली की तर काय, धबधबा. “मराठीत बोल ना गं, सोन्या,” असं मंजूषा दिवसातून किती वेळा म्हणायची याला गणती नव्हती. पोरीला सगळं कळायचं, पण तोंडातून शब्द निघेल तर शपथ.

निहारला हेच खुपत होतं. म्हणजे तो तसं म्हणायचा. पोरगी परकी होत चालली, आपण परत जाऊ, असं त्याचं सुरू झालं. मंजूषा म्हणाली, मी नाही येणार. मी एकदा सगळं सोडून आले, आता हे सोडून पुन्हा तिकडे जाणार नाही. भांडण वाढत गेलं. शेवटी निहारने ब्रेडात खोली घेतली, आणि ‘वेगळं व्हायचं’ हा शब्द दोघांच्याही तोंडून बाहेर पडला. आता प्रश्न एकच उरला: गुंजन कुणाकडे आणि कुठे?

वसंतातलं शेवटचं व्याख्यान संपल्यावर मंजूषाने मारेकेला हळूच विचारलं. ‘माझ्या एका मैत्रिणीचं आहे,’ म्हणून. मारेके काय दुधखुळी होती? तिने मैत्रिणीचं नावसुद्धा विचारलं नाही. म्हणाली, “तुझ्या मैत्रिणीला सांग, आधी इथे अर्ज दाखल कर. मग भारतात जा, बोला, समेट करा, काय हवं ते करा. पण आधी अर्ज.” वकिलाचा पत्ताही दिला. तो द हेगमध्येच होता, ट्रामच्या वाटेवर.

त्याच आठवड्यात पुण्याहून सासऱ्यांचा, दामोदररावांचा फोन आला. आवाज नेहमीसारखा मऊ. “सूनबाई, कोर्टकचेऱ्या आपल्या घराला शोभत नाहीत. तुम्ही सुट्टीत या. गुंजनलाही आणा. निहारच्या प्रतापमामांना बोलावतो, तुमच्याकडची माणसं बोलावू. चार माणसं बसतील, बैठकीत काय ते ठरेल. तुमच्या मनाविरुद्ध काही होणार नाही, हा माझा शब्द.”

आता बघा. जी बाई आठ वर्षं लोकांना सांगत आली होती की शब्दाला काही अर्थ नसतो, कागद करा, ती बाई ट्रामने त्या वकिलाच्या दारावरून गेली आणि उतरली नाही. का? तर बैठकीला बोलावणाऱ्या वडीलधाऱ्या माणसाच्या आधी कोर्टात जाऊन बसायचं, हे बरं दिसत नाही म्हणून. तिचा सख्खा भाऊ दिलीप, तोसुद्धा फोनवर म्हणाला, “आधी केस टाकून येणार आणि मग मला बैठकीत बसवणार? तोंड कुठे लपवू मी?” मंजूषाला ते पटलं. इतका कायदा शिकून पटलं. परीक्षाही तिने सोडली, म्हणाली जानेवारीत देईन, आणि जुलैत लेकीला घेऊन विमानात बसली.

बैठक काही भरेना. प्रतापमामांच्या गुडघ्याचं ऑपरेशन निघालं. मग गणपती आले, घरात पाहुणे असताना हा विषय नको. मग पितृपक्ष, त्यात असली बोलणी कुणी करतं का? मग नवरात्र. प्रत्येक कारण खरं होतं, हीच तर गोम होती. निहारही कंपनीला सांगून पुण्यातून काम करायला लागला होता. सासूबाई, शामलाबाई, गुंजनला मांडीवर घेऊन जेवू घालायच्या. एके दिवशी दामोदरराव म्हणाले, “पोर रिकामी हिंडते, बरं नाही. मुख्याध्यापिका माझ्या ओळखीच्या आहेत. बसू दे वर्गात तात्पुरती.” आणि फॉर्म पुढे केला. आईची सही हवी होती.

मंजूषाने पेन हातात घेतलं तेव्हा तिला मारेकेचं वाक्य आठवलं. अगदी शब्दन् शब्द, खालच्या दोन रेघांसकट. पण समोर सासरे उभे, हातात चष्मा, चेहरा मऊ. त्यांना काय सांगायचं? की तुमच्या शब्दावर माझा भरवसा नाही? तिने सही केली. शामलाबाईंनी लगेच चहा टाकला.

मुलगी कुठे आहे म्हणून झूटरमेरच्या शाळेचं पत्र आलं, ते निहारने परस्पर मिटवलं, मुलगी भारतात राहायला गेली म्हणून कळवलं. आणि दिवाळीचा फराळ संपतो न संपतो तोच पुण्याच्या कुटुंब न्यायालयाची नोटीस आली. अर्जदार, निहार. मुलगी पुण्यात राहते, पुण्यात शिकते, आईच्या सहीने शाळेत घातली आहे, ताबा वडिलांना मिळावा, आणि तोपर्यंत मुलीला देशाबाहेर नेऊ नये. शेवटची विनंती कोर्टाने लगेच मान्यही केली. मंजूषा नोटीस घेऊन दामोदररावांसमोर उभी राहिली. “बाबा, बैठक?” एवढंच विचारू शकली.

“आता कोर्टात गेलंय ना प्रकरण,” ते म्हणाले. “आता आपण बोलणं बरोबर नाही.” आणि वर्तमानपत्र उघडलं.

जानेवारीत ती एकटी परतली. अर्धवट राहिलेली एक तरी गोष्ट पुरी करावी म्हणून परीक्षेला बसली. अशा परीक्षेत तोच प्रश्न येणार हे तिला माहीत असायला हवं होतं, विषयच तो. दोन देश, एक मूल, सहा महिने उलटलेले, शाळा तिकडची, दोन्ही पालकांची संमती. इथल्या न्यायालयाला अधिकार आहे काय? मंजूषाने बराच वेळ कागदाकडे पाहिलं. तिला खोटं लिहिता आलं असतं, ओढूनताणून युक्तिवाद करता आला असता. पण ती चांगली वकील होती, मेली. तिने लिहिलं: नाही. आणि का नाही, ते मुद्देसूद लिहिलं. तळाशी एक वाक्य जोडलं, की आईने जाण्याआधी अर्ज केला असता तर उत्तर वेगळं असतं.

त्या उत्तराला वर्गातले सर्वांत जास्त गुण मिळाले. मारेकेने तिला खोलीत बोलावलं, दार लावलं आणि विचारलं, “मी तुला सांगितलं होतं. का नाही केलास अर्ज?” आता ‘मैत्रिणीचं आहे’ हे सोंग उरलं नव्हतं. मंजूषाने बैठक म्हणजे काय हे इंग्रजीत समजावायचा प्रयत्न केला. मारेके ऐकत होती, मान हलवत होती, आणि तिच्या चेहऱ्यावर गेमेंटेतल्या बाईसारखंच काहीतरी होतं. मंजूषाला तिचा राग आला, मग दामोदररावांचा आला, आणि मग सगळ्यांत जास्त स्वतःचा आला. ट्राममध्ये बसल्यावर ती रडली. समोरच्या माणसाने सभ्यपणे खिडकीबाहेर पाहिलं.

रविवारी व्हिडिओ कॉलची वेळ असते. गुंजन दोन वेण्या घालून पडद्यासमोर आली. “आई, आज आमच्याकडे शिकरण आहे. आजीने मला दोनदा वाढली. आणि रेवाने माझा खोडरबर घेतला तर मी तिला चांगलं सुनावलं.” एकही शब्द अडला नाही. स्वच्छ, ठसकेबाज, पुण्याचं मराठी. त्यासाठी मंजूषाने इतकी वर्षं जिवाचा आटापिटा केला होता.

तिने घाईघाईने डचमध्ये विचारलं, इकडची बाहुली आठवते का, मैत्रिणी आठवतात का, इकडे यावंसं वाटतं का. गुंजन बावरली. तिने मागे वळून आजीकडे पाहिलं, आणि मग पडद्याच्या अगदी जवळ येऊन, समजूत काढल्यासारखी म्हणाली, “असं नको ना बोलूस. मराठीत बोल ना गं, आई.”

मंजूषा मराठीत बोलली.